धक्क्यावरचा पगार बुडाला तर: मुकादमाच्या पलीकडे कुणाला धरायचं आणि कसं

बेळगावला समुद्र नाही, पण धक्का आमच्या घराघरात आहे. सुगी आटोपली, भात घरात आलं, की खानापूर तालुक्यातले गडी लोंढ्याहून वास्कोची गाडी धरतात. जांबोटी-कणकुंबीकडचे चोर्ल्याचा घाट उतरतात. कुणी मुरगाव बंदरात कोळशाच्या नाहीतर लोखंडी कॉइलच्या जहाजावर लागतो, कुणी मांडवीकाठच्या जेटीवर, कुणी कारवारला. नेणारा मुकादम बहुतेक वेळा गावचाच, नाहीतर पाव्हण्यातला. त्यामुळे पगार थकला की भांडण गावात येतं. मुकादमाच्या दारात आरडाओरडा होतो, देवळात शपथा होतात, पंच बसतात. आणि मुकादम एक तर खरोखरच रिकाम्या हातानं उभा असतो, कारण वरून त्यालाच काही आलेलं नसतं, किंवा तो रातोरात पुण्याला पसार झालेला असतो.

मी वकील नाही, अशा गड्यांचे अर्ज लिहून देतो. अगदी पहिल्या अर्जात मी मोठी चूक केली. गडी म्हणाले, "आम्हाला मुकादमानं नेलं, त्यानंच पैसे द्यायचे." मी विरुद्ध बाजू म्हणून फक्त मुकादमाचं नाव घातलं. नोटीस 'या पत्त्यावर राहत नाही' असा शेरा घेऊन परत आली. त्यात सहा महिने गेले. मुकादमाच्या वर कंत्राटदार होता, त्याच्या वर परवानाधारक कंपनी होती, आणि कायद्यानं त्या दोघांनाही धरता आलं असतं, हे मला कळलं तेव्हा टोळी पांगली होती. ते सहा महिने तुमचे जाऊ नयेत म्हणून हे लिहितोय.

आधी बंदर कुठलं ते बघा

अर्ज कुठे करायचा हे बंदरावर ठरतं, तुमच्या गावावर नाही. मुरगाव हे केंद्र सरकारच्या ताब्यातलं प्रमुख बंदर आहे. तिथल्या कामाचा पगार थकला तर विषय केंद्राच्या कामगार यंत्रणेकडे जातो. तिथे माणसं राबवणारा कंत्राटदार बेळगावचा असो की बिहारचा, त्यानं फरक पडत नाही, कारण प्रमुख बंदरासाठी काम करणारे कंत्राटदारही कायद्यानं केंद्राच्याच कक्षेत येतात. केंद्राचे सहायक कामगार आयुक्त वास्कोतच बसतात.

कारवार हे लहान बंदर, कर्नाटक सरकारचं. तिथला पगार थकला तर कर्नाटकच्या कामगार खात्याकडे जायचं. पणजीच्या बाजूला मांडवीवर बार्जमध्ये माल भरला असेल तर ते गोवा राज्याचं बंदर, म्हणून पणजीचं राज्य कामगार आयुक्तालय. एकच मुकादम एकाच हंगामात तुम्हाला तिन्हीकडे फिरवू शकतो. अशा वेळी दिवस वेगवेगळे मांडून अर्ज वेगवेगळे करावे लागतात. कंटाळवाणं आहे, पण एका अर्जात सगळं कोंबलं तर तो अर्धा तरी फेटाळला जातो.

बेळगावच्या मार्केट यार्डातल्या हमालांचं गणित निराळं आहे. तिथे येणं अडत्याकडून किंवा व्यापाऱ्याकडून असतं आणि अर्ज राज्याच्या कामगार खात्याकडे जातो. चंदगड-गडहिंग्लजकडचे पाव्हणे 'माथाडी बोर्डात जा' असा सल्ला देतात, तो मनातून काढून टाका. १९६९ चा माथाडी कायदा महाराष्ट्राचा आहे, तो शिनोळीच्या अलीकडे लागू होत नाही. कोल्हापुरात जाऊन हमाली केली असेल तर गोष्ट वेगळी.

कायदा कुठला

२१ नोव्हेंबर २०२५ पासून देशात चार नव्या कामगार संहिता लागू झाल्या. पगाराचा विषय आता वेतन संहिता, २०१९ मध्ये आहे. १९३६ चा वेतन प्रदान कायदा आणि १९४८ चा किमान वेतन कायदा त्यात विरघळले. १९७० चा कंत्राटी कामगार कायदा, १९७९ चा आंतरराज्य स्थलांतरित कामगारांचा कायदा आणि १९८६ चा गोदी कामगार सुरक्षा कायदा हे व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य आणि कार्यस्थिती संहिता, २०२० मध्ये गेले. जुनी पुस्तकं आणि जुने वकील अजून जुनी कलमं सांगतात. त्यांच्याशी वाद घालू नका, अर्जात दोन्ही लिहा.

या तारखेला व्यवहारात एक महत्त्व आहे. तुमचं येणं त्या तारखेच्या आधीचं असेल तर जुन्या कायद्यातली १२ महिन्यांचीच मुदत धरून चाला. नव्या संहितेत पगाराचा दावा येणं झाल्यापासून ३ वर्षांत करता येतो. अधिकाऱ्याला उशीर माफ करता येतो हे खरं, पण त्या भरवशावर घरी बसू नये.

पगार कधी मिळायला हवा तेही माहीत असू द्या. रोजंदारी असेल तर पाळी संपताना. आठवड्याचा हिशेब असेल तर आठवड्याच्या शेवटच्या कामाच्या दिवशी, म्हणजे सुट्टीच्या आधी. पंधरवड्याचा असेल तर पंधरवडा संपल्यावर दुसरा दिवस संपायच्या आत. महिन्याचा असेल तर पुढच्या महिन्याचे पहिले ७ दिवस संपायच्या आत. काम सोडलं किंवा काढून टाकलं तर २ कामाच्या दिवसांत सगळा हिशेब चुकता. 'जहाज सुटलं की देतो', 'पार्टीचं बिल पास झालं की देतो' अशी कुठलीही मुदत कायद्यात नाही.

साखळी कागदावर काढा

सगळ्यात महत्त्वाचं काम हेच, म्हणून इथे थोडं थांबू.

जहाज धक्क्याला लागतं तेव्हा वरपासून खालपर्यंत माणसांची एक शिडी असते. जहाजाचा मालक परदेशात असतो, त्याचा इथला एजंट असतो. माल मागवणारी किंवा पाठवणारी कंपनी असते. माल चढवायचा-उतरवायचा परवाना बंदराकडून घेतलेली कंपनी असते, तिला स्टीव्हडोर म्हणतात. ती बहुतेक वेळा स्वतः माणसं ठेवत नाही, मजूर पुरवणाऱ्या कंत्राटदाराला सांगते. कंत्राटदार मुकादमाला सांगतो आणि मुकादम गावात येऊन टोळी उचलतो. पैसे त्याच शिडीनं खाली येतात, प्रत्येक पायरीवर थोडे झिजत. गड्याला फक्त शेवटची पायरी दिसते. कायद्याला मात्र वरच्याही दिसतात.

वेतन संहितेचं कलम ४३ दोन-तीन वेळा वाचण्यासारखं आहे. पगार देण्याची पहिली जबाबदारी नेमणाऱ्याची, आणि 'नेमणारा' या शब्दात कंत्राटदारही येतो. त्यानं दिला नाही तर ज्या आस्थापनेत तुम्ही काम केलं तिची मालक असलेली कंपनी, भागीदारी किंवा व्यक्ती जबाबदार. २०२० च्या संहितेतही कंत्राटी कामगारांसाठी तेच आहे. कंत्राटदारानं पगार दिला नाही किंवा कमी दिला तर मूळ मालकानं तो पूर्ण द्यायचा आणि नंतर कंत्राटदाराकडून वसूल करायचा. कंत्राटदारानं परवान्यासाठी ठेवलेल्या अनामत रकमेतून पगार द्यायला लावण्याची तरतूदही त्याच संहितेत आहे. 'आम्ही कंत्राटदाराला पैसे देऊन टाकले' एवढ्या बोलण्यावर वरचा माणूस सुटत नाही. त्यानं कुणाला दिले हा त्याचा आणि कंत्राटदाराचा प्रश्न. तुमच्या हातात पडले का, एवढंच विचारलं जातं.

इथे एक खाच आहे. २०२० च्या संहितेतलं कंत्राटी कामगारांचं प्रकरण ५० किंवा त्याहून जास्त कंत्राटी मजूर असतील तिथेच लागू होतं. जुन्या कायद्यात हा आकडा २० होता. टोळी एकोणपन्नासावर थांबवणारे हुशार लोक आता निघतीलच. म्हणून अर्जाचा पाया नेहमी वेतन संहितेवर ठेवा, कारण तिच्यातल्या पगाराच्या हक्काला माणसांच्या संख्येची अट नाही. २०२० ची संहिता वर जोड म्हणून लिहा.

मग धक्क्यावर 'मूळ मालक' कोण, बंदर की स्टीव्हडोर? गडी सरसकट म्हणतात, "पोर्टाचं काम होतं." बहुतेक वेळा ते बरोबर नसतं. स्टीव्हडोरला बंदरानं परवाना दिलेला असतो, काम दिलेलं नसतं. काम त्याला जहाजाच्या एजंटाकडून किंवा मालवाल्याकडून मिळतं. त्यामुळे मजुरांच्या कंत्राटदाराच्या वरचा माणूस म्हणजे स्टीव्हडोर. काही धक्के खाजगी कंपन्या दीर्घ करारानं चालवतात, तिथे ती कंपनी. बंदरानं स्वतःचं काम, समजा साफसफाई किंवा गोदामातली उचल-ठेव, कंत्राटानं दिलं असेल तर मात्र मूळ मालक बंदरच. हा वाद जुना आहे. विशाखापट्टणमच्या गोदी कामगार मंडळाच्या बोनसच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं मंडळाला नव्हे तर कामगार ज्याच्याकडे दिला जातो त्या स्टीव्हडोरला मालक ठरवलं होतं.

दुसरा निकाल ३० ऑगस्ट २००१ चा, स्टील अथॉरिटी विरुद्ध वॉटरफ्रंट कामगारांची राष्ट्रीय युनियन. पाच न्यायमूर्तींनी सांगितलं की कंत्राटी पद्धत बंद झाली म्हणून कामगार आपोआप कायम होत नाही, पण कंत्राट निव्वळ देखावा असेल तर तो पडदा बाजूला सारून खऱ्या मालकाला मालक मानायचं. हजेरी कंपनीचा सुपरवायझर घेत असेल, काम तोच वाटत असेल, सुट्टी तोच देत असेल आणि कंत्राटदार फक्त पगाराच्या दिवशी तोंड दाखवत असेल, तर हे अर्जात लिहा. फक्त एक भान ठेवा: 'आम्ही कायम कामगार आहोत' हा वाद पगाराच्या अर्जात घुसवला की अर्ज लांबतो. थकीत पगार आधी हातात घ्या, ती लढाई युनियनबरोबर वेगळी लढा.

आणि जहाज? 'जहाजच अडवून ठेवा' असं वास्कोच्या चहाच्या टपरीवर कुणीतरी सांगतंच. १ एप्रिल २०१८ पासून लागू असलेल्या सागरी दाव्यांच्या कायद्यात, म्हणजे २०१७ च्या ॲडमिरल्टी कायद्यात, पगारासाठी जहाजावर पहिला बोजा चढतो तो जहाजावरच्या खलाशांचा. धक्क्यावरून चढून माल उतरवणारा गडी खलाशी नव्हे. त्यासाठी उच्च न्यायालयात जावं लागतं आणि दोन-तीन दिवसांत जहाज निघूनही जातं. तो नाद सोडा.

तर कागदावर शिडी काढा आणि प्रत्येक पायरीसमोर नाव, पत्ता, परवाना क्रमांक लिहा. अर्जात मुकादम, कंत्राटदार, स्टीव्हडोर किंवा टर्मिनल चालवणारी कंपनी, सगळ्यांना विरुद्ध बाजू करा. शंका असेल तर बंदर प्राधिकरणालाही घाला. जास्तीचं नाव नंतर वगळता येतं, राहून गेलेलं नाव घुसवायला पुन्हा महिने जातात. मुकादम गावचा आहे, त्याच्यावर कशाला, असं वाटलं तरी त्याला घालाच. बरेचदा तोच तुमचा सगळ्यात चांगला साक्षीदार होतो, कारण त्याचेही पैसे वर अडकलेले असतात.

पुरावा: गेटपासपासून सुरुवात

गड्याजवळ नेमणूकपत्र नसतं, पगारपावती नसते. तरी हात रिकामे नसतात.

बंदरात कुणी असंच शिरू शकत नाही. दारावर केंद्रीय औद्योगिक सुरक्षा दलाचे जवान असतात आणि प्रत्येकाला प्रवेशपास लागतो. तो पास कुणाच्या तरी मागणीवर निघालेला असतो, आणि ज्या कंपनीच्या नावावर निघाला ती शिडीवरची एक पायरी. हंगाम संपताना मुकादम पास गोळा करतो. त्याआधी दोन्ही बाजूंचा फोटो काढून घरच्या कुणाच्या तरी मोबाईलवर पाठवून ठेवा. माझ्या अनुभवात या एका फोटोनं जेवढी कामं केली तेवढी दहा साक्षीदारांनी केली नाहीत.

दुसरी गोष्ट वही. टोळीत एक तरी पोरगा शिकलेला असतो, त्याच्याकडे चार रुपयांची वही द्या. रोज तारीख, पाळी, जहाजाचं नाव, माल आणि हजर गड्यांची नावं. जहाजाचं नाव सगळ्यात मोलाचं. 'डिसेंबरात वीस दिवस काम केलं' हे कुणीही नाकारेल. 'अमुक तारखेला रात्रपाळीत अमुक जहाजातून कॉइल उतरवल्या' हे बंदराच्या स्वतःच्या नोंदीशी ताडून पाहता येतं. नाव इंग्रजीत वाचता येत नसेल तर जहाजाच्या पाठीवरचा फोटो काढा. अर्थात, बंदीच्या जागी फोटो काढून भलती अडचण ओढवून घेऊ नका, बाहेरूनही नाव दिसतं.

मुकादमाचे व्हॉट्सॲप मेसेज पुसू नका. 'उद्या दुपारपाळी, १२ माणसं' हा मेसेजसुद्धा पुरावा आहे. फोनपेवर आलेले पाचशे-हजार कुणाच्या खात्यातून आले ते बघा, कधीकधी ते थेट कंत्राटदाराच्या खात्यातून आलेले असतात. भविष्यनिर्वाह निधीचा यूएएन क्रमांक कुणी काढून दिला असेल तर पासबुक उघडा. त्यात आस्थापनेचं नाव छापलेलं असतं आणि कंत्राटदाराचं तोंड त्या एका ओळीनं बंद होतं.

काहीच नसेल तर माहितीचा अधिकार आहे. मुरगाव बंदर प्राधिकरण सार्वजनिक संस्था आहे. १० रुपये शुल्क भरून विचारा: अमुक तारखांना धक्क्यावर कुठली जहाजं होती, त्यावर स्टीव्हडोर कोण होता, त्याचा परवाना क्रमांक काय, आणि अमुक कंत्राटदाराच्या नावे कितीजणांना प्रवेशपास दिले. उत्तराला ३० दिवसांची मुदत आहे. कामगार कार्यालयाकडे वेगळा अर्ज करून कंत्राटदाराचा परवाना आणि त्याची अनामत रक्कम विचारा. प्रश्न मोजके आणि नेमके ठेवा. 'सर्व माहिती द्या' असं लिहिलं की काहीच मिळत नाही.

एवढी धडपड करताना कलम ५९ लक्षात असू द्या. पगार मिळाला नाही असा दावा आला की तो दिला होता हे सिद्ध करण्याचं ओझं मालकावर असतं. तुम्ही फक्त इतकं दाखवायचं की तुम्ही तिथे त्या दिवसांत काम केलं.

हिशेब

समजा ठरलेली मजुरी पाळीला ८५० रुपये, ४१ पाळ्या झाल्या. ४१ गुणिले ८५० म्हणजे ३४,८५०. त्यातल्या सहा दिवशी पाळी संपल्यावर दुसरी पाळीही करायला लावली, ती यात धरलेली नाही. जादा कामाला दुप्पट दर. ८ तासांची पाळी म्हणजे तासाला १०६.२५, दुप्पट २१२.५०. सहा दिवसांचे ४८ तास, म्हणजे १०,२००. एकूण ४५,०५०. निघताना उचल घेतली ८,००० ती वजा. राहिले ३७,०५०.

कंत्राटदार म्हणेल जेवणाचे ५,००० झाले. ते तुम्ही स्वतःहून वजा करू नका. कपात कायद्यात बसते का हे त्यानं दाखवायचं. शिवाय सगळ्या कपाती मिळून त्या मुदतीच्या पगाराच्या निम्म्याहून जास्त होऊ शकत नाहीत. उचल मात्र लपवू नका. ती सुनावणीत बाहेर येतेच, आणि मग खऱ्या गोष्टीवरही कुणी विश्वास ठेवत नाही.

ठरलेला दर किमान वेतनापेक्षा कमी असेल तर हिशेब किमान वेतनानं करा. केंद्राच्या कक्षेतल्या माल चढ-उताराच्या अकुशल कामाला १ ऑक्टोबर २०२४ पासून, गावा-शहरांच्या सरकारी वर्गवारीप्रमाणे, 'अ' क्षेत्रात रोज ७८३, 'ब' मध्ये ६५५ आणि 'क' मध्ये ५२३ रुपये असा दर होता. महागाई भत्त्यामुळे हा दर एप्रिलमध्ये आणि ऑक्टोबरमध्ये बदलतो, म्हणून ज्या महिन्यात काम केलं त्या महिन्याचा दर धरा.

प्रत्येक गड्याचा हिशेब वेगळ्या ओळीत हवा. 'टोळीचे मिळून चार लाख' असं लिहिलेला अर्ज अधिकारी परत करतो, आणि त्याचं बरोबर असतं.

नोटीस

थेट अर्ज करता येतो, तरी आधी एक नोटीस पाठवावी असं माझं मत. अर्ध्या वेळा वरची कंपनी कंत्राटदाराचं बिल अडवून धरते आणि पैसे सुटतात. मजकूर एवढा पुरे:

"आम्ही खाली सही केलेले ११ कामगार दिनांक ___ ते ___ या काळात ___ बंदरात ___ या जहाजांवर आपल्या कामावर होतो. आम्हाला आपले कंत्राटदार ___ यांच्यामार्फत नेमलं होतं. प्रत्येकाची हजेरी आणि येणं सोबतच्या तक्त्यात दिलं आहे. ही रक्कम आम्हाला मिळालेली नाही. वेतन संहिता, २०१९ च्या कलम ४३ नुसार ती देण्याची जबाबदारी आपल्यावरही येते. ७ दिवसांत ती आमच्या बँक खात्यांत जमा करावी, अन्यथा आम्ही कलम ४५ खाली रकमेचा आणि भरपाईचा दावा दाखल करू. तोपर्यंत कंत्राटदाराचं बिल आमचं येणं राखून ठेवूनच अदा करावं."

शेवटचं वाक्य सगळ्यात कामाचं. स्पीड पोस्टानं पाठवा, पावती जपा, पोहोच छापून घ्या.

भाषेचा प्रश्न इथूनच सुरू होतो. आम्ही बोलतो मराठी, बेळगावचं राज्य कार्यालय चालतं कन्नडमध्ये, आणि केंद्राच्या कार्यालयात हिंदी किंवा इंग्रजी. गोव्यात १९८७ च्या राजभाषा कायद्यानं मराठीला सरकारी कामात जागा आहे, म्हणून पणजीच्या राज्य कार्यालयात मराठी अर्ज खपून जातो. वास्कोच्या केंद्रीय कार्यालयात मात्र हिंदीत किंवा इंग्रजीत द्यावा. मूळ मराठी मजकूर गड्यांना वाचून दाखवा, त्यावर सह्या घ्या, मग भाषांतर जोडा. न वाचता केलेली सही सुनावणीत घात करते.

अर्ज

कलम ४५ खाली दावा ऐकायला राजपत्रित अधिकारी नेमलेला असतो. अर्ज कामगार स्वतः करू शकतो, तो ज्या नोंदणीकृत युनियनचा सभासद आहे ती करू शकते, किंवा निरीक्षक करू शकतो. एका आस्थापनेतल्या कितीही कामगारांचा मिळून एकच अर्ज चालतो. घाट उतरून दर तारखेला जाणं कुणालाच परवडत नाही, तेव्हा बंदरातल्या एखाद्या युनियनचं सभासद होऊन तिला पुढे करणं शहाणपणाचं. केंद्राच्या कक्षेतलं प्रकरण श्रम मंत्रालयाच्या 'समाधान' पोर्टलवरही टाकता येतं, खानापुरात बसून.

अर्जात थकलेली रक्कम मागाच, शिवाय भरपाईही मागा. ठरलेल्या रकमेच्या दहापटीपर्यंत भरपाई देण्याचा अधिकार त्या अधिकाऱ्याला आहे. दहापट मिळेल अशी आशा धरू नका, पण मागितलीच नाही तर एक पटही मिळत नाही. निकाल तीन महिन्यांत द्यायचा प्रयत्न करावा असं कायदा म्हणतो. प्रयत्न हा शब्द कायद्यातलाच आहे.

वकील लावायचा असेल तर आधी विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. १९८७ च्या विधी सेवा कायद्यानं औद्योगिक कामगार, स्त्रिया आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. दूरध्वनी क्रमांक १५१००.

टोळीत दहा किंवा अधिक परराज्यातले मजूर असतील तर तुम्ही आंतरराज्य स्थलांतरित कामगार ठरू शकता. मग येण्याजाण्याच्या प्रवासभत्त्याचाही दावा शर्तींप्रमाणे जोडा. खानापूर ते वास्को घाटापलीकडचा प्रवास असला तरी राज्य बदलतं, हे कंत्राटदाराला मुद्दाम आठवण करून द्यावं लागतं.

तडजोड

नोटीस पोहोचली की फोन येतो: "निम्मे घ्या, विषय मिटवा." गरज असेल तर पैसे घ्या, त्यात लाज नाही. पण बँकेतून घ्या, आणि पावतीवर 'येण्यापैकी अंशतः' असं लिहा. कोऱ्या कागदावर अंगठा नको. 'पूर्ण आणि अंतिम हिशेब मिळाला' अशी सही घेतली गेली असली तरी घाबरू नका. संहितेनं दिलेला पगाराचा हक्क सोडून देणारा करार कलम ६० नुसार निरर्थक ठरतो. मात्र त्या सहीमुळे सुनावणी लांबते हे नक्की.

चेक दिला आणि तो वटला नाही, तर हातात एक वेगळं हत्यार येतं. बँकेचा परतीचा मेमो आल्यापासून ३० दिवसांत लेखी नोटीस, ती मिळाल्यावर १५ दिवस वाट, मग एका महिन्यात फौजदारी तक्रार. या तारखा चुकल्या तर ते हत्यार गेलं.

पोलीस 'हे दिवाणी आहे' म्हणून परत पाठवतात आणि नुसत्या थकबाकीत त्यांचं फार चुकतही नाही. पण आधार कार्ड काढून घेतलं, खोलीत कोंडलं, किंवा 'उचल फिटेपर्यंत गाव विसरा' असं धमकावलं, तर ती थकबाकी उरत नाही. १९७६ च्या वेठबिगारी कायद्याखाली थेट जिल्हाधिकारी किंवा प्रांताधिकाऱ्यांकडे लेखी द्या. किमान वेतनाहून कमी पैशात राबवणं ही सक्तीची मजुरीच, असं सर्वोच्च न्यायालयानं १९८२ मध्ये, दिल्लीतल्या एशियाड बांधकामांच्या प्रकरणात सांगितलेलं आहे.

कंपनीच बुडाली, किंवा गडीच गेला

२०१२ मध्ये गोव्यातल्या खाणी थांबल्या आणि २०१८ च्या मार्चमध्ये पुन्हा थांबल्या, तेव्हा धक्क्यावरचं लोहखनिजाचं काम आटलं आणि लहान कंत्राटदारांची कार्यालयं कुलूपबंद झाली. वरची कंपनी दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेली असेल तर दावा तिथल्या नेमलेल्या व्यावसायिकाकडे लगेच नोंदवा, कामगारांसाठी त्यात वेगळा नमुना आहे. कंपनी विकून पैसे वाटायची वेळ आली तर कामगारांचं मागच्या २४ महिन्यांचं येणं तारण असलेल्या बँकांच्या बरोबरीनं येतं. भविष्यनिर्वाह निधी आणि ग्रॅच्युइटीची रक्कम त्या वाटपातच धरली जात नाही.

गडी वारला तर त्याचं येणं नामनिर्देशित माणसाला मिळतं. मालक वारला तर त्याचे वारस 'नेमणारा' या व्याख्येत येतात.

वसुली

निकाल लागला म्हणजे पैसे आले असं नाही, आणि इथेच पुष्कळ टोळ्या हात टेकतात. विरुद्ध बाजूला ९० दिवसांत अपील करता येतं. अपील नसेल आणि पैसेही नसतील तर त्याच अधिकाऱ्याकडून वसुलीचा दाखला मागा. तो आस्थापना ज्या जिल्ह्यात आहे तिथल्या जिल्हाधिकाऱ्याकडे जातो आणि रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल करायची असते. दाखला जिल्हाधिकारी कार्यालयातून तालुक्याला उतरतो आणि तिथे ढिगाखाली जातो. म्हणून दाखल्याचा क्रमांक आणि तारीख घेऊन दर पंधरवड्याला मामलेदाराच्या कचेरीत एक माणूस जायला हवा. टोळीतून कुणीतरी एकजण ठरवा, त्याची त्या दिवसाची मजुरी आणि गाडीखर्च बाकीच्यांनी वाटून घ्या. जाताना कंपनीच्या बँक खात्याचा नाहीतर वाहनांचा तपशील कुणाकडून मिळाला असेल तर तो कागदावर लिहून न्या. कुठे जप्ती घालायची हे आयतं मिळालं की महसूलवाल्यांचा हात चालतो.